पाणकराची लेक आणि शनीची गळती

गंगा कापगतेवर मी याआधी एकदा लिहिलेलं आहे. ऑगस्ट २००२, नागपूरच्या एका दैनिकाची रविवार पुरवणी, अर्धं पान, फोटोसकट. त्या लेखाची एवढी वाहवा झाली की मी त्याच्या झेरॉक्स काढून सोयऱ्याधायऱ्यांत वाटल्या. आज दुसऱ्यांदा लिहितो आहे, कारण पहिलं लिहिलेलं परत घेता येत नाही.

मी ओमेश्वर तुरकर. गोंदियाच्या एका कॉलेजात मराठी शिकवतो. गाव दवनीवाडा, जातीने पोवार. आमचे पूर्वज माळव्यातून इकडे आले आणि तेव्हापासून आम्हाला स्वतःच्या अकलेबद्दल कधी शंका म्हणून आलेली नाही. हे आधीच सांगून ठेवलेलं बरं.

गंगा माझी विद्यार्थिनी. बी.एस्सी.च्या पहिल्या वर्षाला ‘माझे गाव’ या निबंधात तिने देऊळ, शाळा, माणसं काहीच लिहिलं नव्हतं. फक्त तलाव. पार, म्हणजे तलावाचा मातीचा बांध, किती लांब, सांडवा कुठे, पाणी धानशेताच्या कोणत्या बांधीतून कोणत्या बांधीत उतरतं. मी दहापैकी चार दिले आणि खाली लिहिलं, ‘भावनेचा अभाव’.

१९९९ मध्ये ती नागपूरहून भौतिकशास्त्रात एम.एस्सी. करून आली आणि आमच्याच कॉलेजात तासिका तत्त्वावर लागली. तासिका तत्त्व ज्यांना ठाऊक नाही ते सुखी. परमनंट माणूस जे शिकवतो तेच शिकवायचं, सही वेगळ्या रजिस्टरवर करायची, उन्हाळ्यात नाव कटायचं आणि जुलैत पुन्हा नव्याने अर्ज टाकायचा. भौतिकशास्त्राची एक परमनंट जागा २००६ मध्ये रिकामी होणार होती आणि तिच्यासाठी पीएच.डी. लागणार होती. गंगाने २००० साली नाव नोंदवलं. सहा वर्षांत डॉक्टर व्हायचं आणि ती जागा घ्यायची, एवढं एकच तिने डोक्यात धरलं होतं.

विषय होता शनी. म्हणजे शनीचं चुंबकीय कवच आणि त्यातला प्लाझ्मा. कॉलेजचा शिपाई मुन्नालाल तिला बघितलं की हात जोडायचा. “मॅडमजी, शनि महाराज को मत छेड़ो, साढ़ेसाती लग जाएगी.” ती म्हणायची, “लगने दो. मेरे पास छह साल हैं.”

मला तिने हे सगळं एका रिकाम्या तासाला समजावून सांगितलं. “शनीच्या भवताल पाणीच आहे, सर. फुटलेलं पाणी.” कड्यांतून, बर्फाळ चंद्रांवरून पाण्याचे कण उडतात. उन्हाने त्यांचे तुकडे होतात, तुकड्यांना विजेचा भार येतो. असा भार आलेला विरळ वायू म्हणजे प्लाझ्मा. शनी हा एक मोठाच्या मोठा लोहचुंबक आहे. तो या प्लाझ्माला धरून ठेवतो आणि स्वतःबरोबर गरागरा फिरवतो, आणि फिरवण्यामुळेच तो बाहेर फेकला जाऊ पाहतो. आत भर पडतच राहते, तेव्हा जुना माल कुठून ना कुठून बाहेर जाणारच. तो नेमका कसा जातो, हे तिला कंप्युटरवर गणितानं मांडायचं होतं.

“तलावच समजा,” ती म्हणाली. “चुंबक म्हणजे पार.”

हे तिच्या तोंडून येणं साहजिक होतं. गंगा कोहळी समाजातली पोर. या मुलुखात गावोगाव जे तलाव आहेत ते कोहळ्यांनी बांधले. सडक अर्जुनीहून आत आठ किलोमीटरवर तिचं गाव, आणि तिचे वडील पुनाराम त्या गावच्या तलावाचे पाणकर. कोणत्या बांधीला कधी पाणी सोडायचं, हे पाणकर ठरवतो. पारीवरून रोज चालत जाऊन ती कुठे पाझरते आहे का, हेही तोच पाहतो. पुनारामच्या हयातीत त्या तलावाची पार एकदाही फुटली नाही. हे मी ऐकीव सांगत नाही, सारा गाव सांगतो.

विभागात कंप्युटर एकच, आणि वीज केव्हाही जायची. दोन दिवस चाललेलं गणित एका झटक्यात शून्यावर यायचं. तरी मे २००२ मध्ये तिचं गणित पहिल्यांदा शेवटपर्यंत गेलं आणि खडखड करणाऱ्या प्रिंटरमधून लांबलचक कागद निघाला. त्यावर ठिपक्याठिपक्यांचं चित्र होतं. प्लाझ्मा दाट तिथे काळं, विरळ तिथे पांढरं. तिची अपेक्षा होती की काळं सगळीकडून सारखं बाहेर सरकत जाईल, ओल पसरते तसं. तसं ते सरकतही होतं. पण त्या काळ्यातून पांढऱ्या रेघा उलट्या आत शिरत होत्या. पेन्सिलीच्या टोकाएवढ्या बारीक. बाहेरचा हलका, तापलेला प्लाझ्मा धाग्याधाग्यांनी आत येत होता.

“हे काऊन येऊन राहिले?” ती स्वतःलाच विचारायची. पंधरा दिवस ती हेच विचारत होती.

जूनमध्ये पुनाराम मोतीबिंदू तपासायला गोंदियाला आले. डॉक्टरने डोळ्यांत थेंब घातले होते, बाहुल्या मोठ्या झालेल्या, जवळचं धड दिसत नव्हतं. लेकीचं ऑफिस बघायचं म्हणून ते तसेच प्रयोगशाळेत आले. मीही तिथेच होतो. गंगाने टेबलावर कागद पसरला आणि शनी, चुंबक वगैरे भानगडीत न पडता सरळ तलाव म्हणून सांगितलं.

पुनारामनी विचारलं, “पानी कोनीकडून कोनीकडं जाते?”

“आतून भाइर.”

“अन् हे धागे?”

“भाइरून आत.”

म्हाताऱ्याने धूसर डोळ्यांनी, पण नेमकं एका रेघेवर बोट टेकवलं. “मंग गळती होय, बाई. पानी उलट्या अंगानं येऊन राहिलं का समज, कुठंतरी भोक हाय. त्याले पायत नाई बसा लागत. आधी बुजव, मंग इचार कर.”

पारीवर हाच नियम आहे आणि तो खरा आहे. सकाळी दिसलेला धागा पाहत बसलात तर संध्याकाळी तलाव शेतात. चिकण माती आणि तणस, म्हणजे धानाचा पेंढा, घ्यायची, धाग्याच्या तोंडात कोंबायची, पायाने दाबायची. कारण मागून शोधायचं. कोहळ्याच्या घरात हे पोरांना कोणी शिकवत नाही, ते त्यांच्या हातात असतंच. गंगाच्याही हातात होतं. तिने लाल पेन घेतला आणि कागदाच्या कडेला लिहिलं, ‘गळती. बाबांनी दाखवली. बुजवायची. १४ जून २००२.’

पुनाराम म्हणाले, “हा कागद मले दे.” तिने दिला. गावी जाऊन त्यांनी तो फ्रेम करून भिंतीवर लावला.

आणि मला काय वाटलं? मला वाटलं, हाच तो लेख. अंगठेबहाद्दर पाणकर शनीची गळती ओळखतो! आपल्या मातीचं शहाणपण! मी एका बैठकीत लिहून काढला. मथळा दिला, ‘आकाशातल्या तलावाचा पाणकर’. पुनारामचा पारीवर उभा असलेला फोटो छापून आला. सडक अर्जुनीच्या बसस्टँडवर लोक त्यांना थांबवून हात मिळवू लागले, आणि ते प्रत्येकाला सांगू लागले, “माह्या पोरीनं शनीची गळती बुजवलीन्. म्या सांगतलो म्हनून.”

गंगाने खरंच बुजवली. तिने आपल्या गणितात एक नवा तुकडा घातला. धागा दिसला की आजूबाजूचं थोडं थोडं ओढून त्याला सपाट करायचं, हे त्या तुकड्याचं काम. त्याला तिने नावही ‘बुजव’ असंच दिलं. धागे गेले. चित्र गुळगुळीत झालं, अपेक्षेप्रमाणे. नागपूरचे गाइड खूश झाले. हीच पद्धत तुझ्या प्रबंधाचं पाचवं प्रकरण कर, ते म्हणाले.

आता जे सांगायचं आहे ते माझ्या जिवावर येतं. २००३ च्या जानेवारीत ती मला कँटीनमध्ये भेटली. चहा निवत चालला होता.

“सर, ते गळती नसन त?”

“म्हणजे?”

“गणितासाठी मी सारं आकाश जाळ्यासारखं चौकटी-चौकटीत कापून घेतली आहे. धागे गणितातल्या भोकातून येत असते, त जाळं बदललं का त्याईची जागा बदलली असती. मी ‘बुजव’ काढून टाकली अन् जाळं दुप्पट बारीक करून पाहिली. धागे तिथंच. पुन्हा बारीक केली. तिथंच.”

मला चौकटी कळल्या नाहीत. पण माझा लेख धोक्यात आहे, हे मला बरोबर कळलं. आणि मी, तिचा शिक्षक, तिला म्हणालो, “अगं, पेपरात छापून आलं आहे ते. आता बाबांना काय सांगशील?”

 ती चहा पिऊन वर्गावर गेली, आणि हा विषय तिने माझ्यापाशी पुन्हा काढला नाही. माझ्या त्या वाक्याबद्दल मला कोणी कधी जाब विचारला नाही. मी स्वतःला विचारतो, पण त्याचा गंगाला काय उपयोग?

जुलै २००४ मध्ये परदेशी यान शनीपाशी पोचलं. टीव्हीवर कड्यांचे फोटो दाखवले तेव्हा मुन्नालालने पेढे वाटले. गंगाने फेब्रुवारी २००५ मध्ये प्रबंध दिला, पाचव्या प्रकरणातल्या ‘बुजव’सकट. अर्पणपत्रिका वडिलांना होती. त्यानंतर काही महिन्यांनी यानाने मोजलेलं परदेशी पत्रिकांत छापून यायला लागलं, पण त्या पत्रिका आमच्या लायब्ररीत येत नव्हत्या. आमच्या लायब्ररीत तेव्हा वाळवी येत होती.

जानेवारी २००६ मध्ये बाहेरच्या परीक्षकाचा अहवाल आला. प्रबंध परत. गंगाने तो स्टाफरूममध्ये मला मराठीत करून वाचून दाखवला. यान शनीच्या कवचातून गेलं तेव्हा त्याला हलक्या, तापलेल्या प्लाझ्माचे बारीक प्रवाह बाहेरून आत येताना सापडले. उमेदवाराच्या गणितात ते दिसत नाहीत. उलट पाचव्या प्रकरणात उमेदवाराने चाळीस पानं खर्चून हे प्रवाह नाहीसे करण्याची पद्धत तयार केली आहे. शेवटी एक ओळ होती, ‘बुजव’ या शब्दाचा अर्थ लागला नाही.

वाचून झाल्यावर ती हसली. ते हसणं ऐकायला बरं वाटलं नाही.

“होते, सर. माह्याजवळ होते.”

कुठे होते? फ्लॉपी केव्हाच्या खराब झाल्या होत्या. कागदांचे गठ्ठे मी घेतले होते. “कचराच आहे सर, पाठकोरे आहेत, घ्या,” असं तिनेच म्हटलं होतं, आणि त्यांच्या कोऱ्या बाजूवर मी माझ्या लेखांचे कच्चे खर्डे लिहिले आणि रद्दीत घातले. राहिला एकच कागद, पुनारामच्या भिंतीवर. त्याच्या वरच्या कोपऱ्यात त्या गणिताचे सुरुवातीचे सगळे आकडे छापलेले होते आणि कडेला तारीख होती. ते आकडे टाकून जुनं गणित पुन्हा चालवायचं, तारीख दाखवून गाइडची शिफारस घ्यायची, सुधारलेला प्रबंध महिनाभरात द्यायचा. जागेच्या मुलाखती एप्रिलमध्ये होत्या. एवढीच फट उरली होती.

ती गावी गेली आणि नागपूरला दाखवायला कागद हवा म्हणाली. पुनारामनी स्वतः फ्रेम उतरवली, खांद्यावरच्या दुपट्ट्याने काच पुसली. “ने ना. सरले म्हन, हे माह्या पोरीनं बुजवलं.”

मी तिच्याबरोबर नागपूरला गेलो. तेवढं तरी करावं म्हणून. गाइडनी फ्रेम हातात घेतली, बराच वेळ पाहिली. मग चष्मा पुढे ओढून कडेची लाल अक्षरं वाचली.

“तुझ्याजवळ हे होतं, असं यावरून दिसतं,” ते म्हणाले. “आणि तुला ते कळलं नाही, हेही यावरूनच दिसतं. तुझ्याच हाताने लिहिलंयस. दिसण्याबद्दल डॉक्टरेट देत नाहीत, कळण्याबद्दल देतात.”

“पाचवं प्रकरण तुम्ही सांगितलं होतं, सर. पानापानावर तुमची सही आहे.”

“मी भाषा तपासली होती,” गाइड म्हणाले. “पुन्हा कर सगळं. दोन-तीन वर्षं घे. घाई काय आहे?”

घाई काय होती ते त्यांना माहीत होतं. एप्रिलमध्ये ती जागा अमरावतीकडच्या एका मुलाला मिळाली. मुलगा हुशार आहे, सज्जन आहे, त्याच्यावर राग धरायलाही जागा नाही. गंगाने फ्रेम गावी परत नेली आणि आपल्या हाताने खिळ्याला अडकवली.

पुनारामनी विचारलं, “का म्हनले सर?”

“बरं म्हनले, बाबा.”

पुढची चार वर्षं तिने सगळं नव्याने केलं. ‘बुजव’ काढला, पाचवं प्रकरण काढलं, धागे परत आणले. २०१० मध्ये पदवी मिळाली. प्रबंध अगदी बरोबर होता. तोवर तेच धागे जगभरातल्या दहा ठिकाणी मांडून झाले होते, आणि अकरावा कोणाला नको होता. दारावरची पाटी बदलली, डॉ. गंगा कापगते. सहीचं रजिस्टर वेगळं ते वेगळंच राहिलं.

पुनारामचं सांगणं मात्र चालूच होतं. लेक डॉक्टर झाली तेव्हा तर त्यांना ऊत आला. पहा, गळती बुजवली म्हणून झाली! गंगा दर दिवाळीला घरी जायची, त्या फ्रेमखाली बसून जेवायची आणि येणाऱ्याजाणाऱ्याला वडील सांगतात ते ऐकायची. एकदा तिच्या भावाने, भूपेंद्रने मला विचारलं, “सर, ताई बाबाशी कमी काऊन बोलून राहिली?” मी म्हणालो, कामाचा ताण असेल. मीही बुजवायला शिकलो होतो.

२०१३ च्या डिसेंबरात पुनाराम गेले. तेरवीला मी गेलो. सकाळी गंगा मला पारीवर घेऊन गेली. बराच वेळ चालल्यावर म्हणाली, “सर, आज सांगून टाकतो सर्वाईले. अकरा वर्षं झाले. आता कोनाचं मन राखाचं आहे?” मी हो म्हणालो. मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. कोणीतरी ते एकदा मोठ्याने बोलावं, असं मलाही वाटत होतं.

अंगणात मंडप होता. हार घातलेला फोटो, शेजारी ती फ्रेम आणि तिच्या शेजारी माझ्या लेखाचं कात्रण, प्लास्टिकच्या आवरणात. जेवणाआधी सरपंच खेमराज उठले. पुनारामभाऊनं पार कशी राखली ते बोलले. मग फ्रेमकडे हात केला. “हा मानूस शाळेत नाई गेला. पन शनीची गळती यानं पायली, अन् पोरीले सांगतलन्, बुजव. म्हनून आज आपल्या गावची पोरगी डॉक्टर हाय. गंगाबाई, तू दोन शब्द बोल.”

गंगा उभी राहिली. माणसं दोनशे तरी असतील. पुढे म्हाताऱ्या बायका बसल्या होत्या, त्यांच्या बांध्यांना पुनारामनी चाळीस वर्षं पाणी दिलं होतं. मी मान खाली घातली. तिने घसा साफ केलेला ऐकू आला.

“बाबानं सांगतलं तसंच केली मी,” ती म्हणाली. “माह्याजवळ जे होतं, ते सारं बुजवून टाकली. एक धागा नाई ठेवली.”

आणि खाली बसली. लोकांनी माना डोलावल्या. खेमराजनी डोळे पुसले. मागून कोणीतरी म्हणालं, पोरगी असावी त अशी.

संध्याकाळी भूपेंद्रने फ्रेम उतरवून तिच्या हाती दिली. बाबांची आठवण, ताई, तूच ने. आम्ही दोघं हायवेवर बसची वाट पाहत उभे होतो. ट्रक जात होते. मी विचारलं, “सांगणार होतीस ना?”

“सांगतली ना, सर. त्याईले नाई कळलं. मलेबी दिसून राहिलं होतं, तवा कुठं कळलं होतं?”

बस आली. चढताना तिने फ्रेम माझ्या हातात दिली.

“हे तुमीच ठेवा, सर,” ती म्हणाली. “पाठीमागून कोरं आहे. लिहायले होईल.”